संदर्भ आवाज

त्या सामन्याच्या नोंदीत एकूण एक हजार नऊशे सहा शब्द होते. रेवती चांदोरकरने ते दोनदा मोजले. एकदा यंत्राकडून आणि एकदा स्वतः, कारण यंत्राला गडहिंग्लजची मराठी अजून नीट कळत नव्हती. त्यांतले एक हजार चारशे बारा शब्द दिग्विजय घोरपडेचे होते. चारशे नव्वद रेवतीचे. उरलेले चार मुक्ताचे, आणि तेही बोललेले नव्हते, टाइप केलेले होते: ‘हं’, ‘ओके’, ‘आले’, ‘बाय’. शिव्या तीनशे सतरा होत्या. सगळ्या दिग्विजयच्या. रेवतीच्या तोंडून एकही गेलेली नव्हती.

‘बाय’नंतर मुक्ता पुन्हा खेळायला आली नाही.

रेवती भौतिकशास्त्रात एमएस्सी झालेली होती, आणि एका मोजमापावरून निष्कर्ष काढू नये हे तिला पक्कं ठाऊक होतं. पण तीनशे सतरा विरुद्ध शून्य हे आकडे पाहिल्यावर निष्कर्ष काढायला भौतिकशास्त्र लागत नाही, असं तिचं मत झालं. तिच्या धाकट्या बहिणीला, मुक्ताला, दिग्विजयने पळवून लावलं होतं. मुक्ता उदगीरला, पशुवैद्यकीय कॉलेजच्या हॉस्टेलात होती. घरी फोन करायची तो आईला. बहिणीशी बोलायची ती फक्त या खेळात, रोज संध्याकाळी तासभर, गोळीबाराच्या मध्ये. आता ते बोलणं बंद झालं होतं, आणि ते पुन्हा सुरू करायचं तर आधी दिग्विजयला बाहेर काढायला हवं होतं. योगायोग असा की माणसांना बाहेर काढणारं यंत्र रेवतीच बनवत होती.

खेळाचं नाव ‘रणचौक’. तिघांची तुकडी, एक उद्ध्वस्त शहर, आणि शेवटी जी तुकडी उरेल ती जिंकली. प्रत्येकाच्या कानावर हेडफोन, तोंडासमोर माइक. माइक कशासाठी, तर “पूर्वेच्या गच्चीवर दोघे आहेत” किंवा “मला गोळ्या दे” असं सांगता यावं म्हणून. प्रत्यक्षात लोक त्याचं काय करत, हे रेवती दिवसाचे आठ तास पगार घेऊन ऐकत असे. दूरच्या अनोळखी माणसाशी क्षणात बोलता यावं म्हणून शास्त्रज्ञांच्या कित्येक पिढ्या खपल्या, आणि माणसाने ती सोय त्याची आई-बहीण काढायला वापरली. लेखी चॅटची अवस्था त्याहून केविलवाणी. शिव्या गाळणारी गाळणी बसवली की मंडळी अक्षरांच्या मध्ये टिंबं, आकडे आणि फुल्या पेरून तीच शिवी पलीकडे पोचवत. एवढी चिकाटी दहावीत दाखवली असती तर यांतल्या निम्म्यांना इथे येऊन गोळ्या झाडायची वेळ आली नसती, असं रेवतीला वाटे. तिला ते बऱ्याच माणसांबद्दल वाटे.

गाळण्या हरल्या तेव्हा त्या बनवणाऱ्या ‘निनाद’ या कंपनीने शब्दांचा नाद सोडला. रेवती तिथेच कामाला होती, बाणेरच्या एका काचेच्या इमारतीत. निनादच्या संशोधकांनी कोट्यवधी सामन्यांचे आवाज तपासले आणि एक साधा प्रश्न विचारला: खेळ कायमचा सोडून जाणाऱ्याने जाण्याआधी काय ऐकलं होतं? उत्तर शिव्या असं आलं नाही. शिव्या बसलेला माणूस दुसऱ्या दिवशी हटकून परत येत असे, बहुतेक परतफेड करायला. जाणाऱ्यांनी ऐकलेलं काही वेगळंच होतं.

रागावलेला माणूस आवाज चढवतो. स्वरयंत्राचे पडदे ताणले जातात, कंपनं वाढतात, स्वर वर जातो. राग म्हणजे समोरच्याच्या अंगावर धावून जाणं. समोर कुणीतरी आहे एवढं त्यात मान्य केलेलं असतं. तुच्छतेत सगळं उलटं घडतं. शब्द फुटण्याआधी नाकातून हवेचा बारीकसा फुत्कार येतो, सेकंदाच्या विसाव्या भागाएवढा. घशाशी असलेला मऊ टाळू किंचित सैल पडतो. वाक्याचा शेवटचा स्वर लांबतो आणि खाली घसरतो. आणि आवाज वाढायच्या ऐवजी कमी होतो, कारण जो मोजदादीतच नाही त्याच्यासाठी दम कोण खर्च करणार. ऐकणाऱ्याला यातलं काही वेगळं ऐकू आल्यासारखं वाटत नाही. त्याला फक्त उगाचच उठून जावंसं वाटतं.

या चार खुणा मोजून शून्य ते एक यांच्यामध्ये एक आकडा काढायचा, त्याचं नाव तुच्छता निर्देशांक. आकडा वर गेला की खेळाडूच्या नावापुढचा ठिपका हिरव्याचा लाल होणार. आठवडाभराची सरासरी शून्य पूर्णांक सहा दशांशच्या वर गेली की माइक बंद. प्रत्येक भाषेची चाल निराळी, म्हणून प्रत्येक भाषेसाठी एक संदर्भ आवाज लागे. ज्यात काहीही भाव नाही असा आवाज म्हणजे त्या भाषेचं शून्य. मराठीचा संदर्भ आवाज अगदी पहिल्या आठवड्यात घाईघाईने ध्वनिमुद्रित झाला होता, आणि त्यावर मराठीची सगळी मोजमापं उभी होती.

“काय मॅडम, डॉक्टरीणबाई आजबी न्हाईत?” हेडफोनमधून दिग्विजयचा आवाज आला. तो गडहिंग्लजला ट्रॅक्टरच्या शोरूममध्ये कामाला होता. तीन वर्षं तिघं एकत्र खेळत होती. दोघी बहिणींनी त्याला किंवा त्याने त्यांना प्रत्यक्ष पाहिलं नव्हतं.

“नाही,” रेवती म्हणाली.

“परीक्षा हाय व्हय?”

“दिग्विजय, शेवटच्या सामन्यात तू तिला म्हैस म्हणालास. नऊ वेळा.”

“मग? म्हशीसारखी रस्त्याच्या मदी हुबारली हुती. आमची रेडी तिच्यापरास बरी लपती.” तो हसला. “तुमास्नी सांगतो, मी तिला पैल्या दिवशी ‘अहो-जाहो’ केलंतं. तवा भ्याली. मग म्हनलं, ए येडे, गोळी माझ्या टकुऱ्यात घालू नको. तवा कुठं हसली.”

“तुला तो विनोद वाटतो.”

“आवं, आमच्यात ज्येला शिवी न्हाई त्यो पाव्हना. पाव्हन्याला च्या द्यायचा, खुर्ची द्यायची, आन कवा जातोय त्येची वाट बगायची.”

“किती छान,” रेवती म्हणाली आणि माइक बंद केला. ट्रॅक्टर विकणाऱ्या माणसाकडून मानववंशशास्त्र शिकायची तिची तयारी नव्हती. आपल्या निर्देशांकावर याचा आकडा किती येईल, याची मात्र तिला उत्सुकता होती. नव्वद शतांशांच्या खाली येणार नाही, असा तिचा अंदाज होता.

आकडा आला उणे बहात्तर शतांश.

ती दिग्विजयवरून कारखानीससरांच्या केबिनमध्ये गेली नव्हती. त्यांनीच तिला बोलावलं होतं. कारखानीस मराठी, गुजराती आणि कोकणी या तीन भाषांचे प्रमुख होते, आणि त्यांना तिन्हींपैकी एकही भाषा धड लिहिता येत नव्हती. ‘रणचौक’ त्यांनी आयुष्यात एकदाही खेळला नव्हता. टेबलावर मात्र एक प्लास्टिकची रायफल ठेवली होती, पाहुण्यांना बरं वाटावं म्हणून.

“मराठीचे दोन तृतीयांश आकडे मायनसमध्ये आहेत,” ते म्हणाले. “गुजरातीत असं नाही. कोकणीत नाही. मायनस तुच्छता म्हणजे काय? आदर?”

“सर, असं काही नसतं.”

“का नसतं? मराठी माणूस इतका आदराने बोलतो हे तर भारीच आहे. स्लाइडवर घाल.”

रेवतीने एक दीर्घ श्वास घेतला आणि नाकाने सोडला. “सर, हा झिरो एरर आहे.”

“मग मायनसवाले सगळे शून्य करून टाक. पुढच्या महिन्यात डेमो आहे.”

शून्य करून टाक! अकरावीत व्हर्नियर कॅलिपर हातात देतात तेव्हा पहिल्या तासाला एकच गोष्ट शिकवतात: आधी जबडे मिटवून पाहा, शून्यावर शून्य येतं का. येत नसेल तर उपकरणाचं शून्यच चुकलेलं आहे, आणि त्यानं घेतलेलं प्रत्येक माप तेवढ्यानं चुकणार. कारखानीसांसारखी माणसं त्या तासाला कँटीनमध्ये बसलेली असतात आणि पुढे केबिनमध्ये बसतात. रेवती जागेवर परतली आणि तिने मराठीच्या संदर्भ आवाजाची फाइल उघडली.

वीस वाक्यं होती. ‘आज मंगळवार आहे.’ ‘पाणी शंभर अंश सेल्सिअसला उकळतं.’ ‘दार उजवीकडे आहे.’ सगळी सपाट, स्वच्छ, स्पष्ट. सगळी रेवतीच्या आवाजात.

ती हे विसरली नव्हती. तिला ते कधी लक्षात ठेवण्यासारखं वाटलंच नव्हतं. त्या आठवड्यात आवाज द्यायला ऑफिसातले चौघे तयार होते. एक अमरावतीचा होता, तो हेल काढायचा. एक मालवणची, ती नाकात बोलायची. सोलापूरचा एक जण प्रत्येक वाक्याच्या शेवटी कुणाशी तरी भांडण उकरल्यासारखं बोलायचा. मग रेवती म्हणाली होती, “द्या इकडे, मीच करते. माझ्या बोलण्यात काही नसतं.” आपल्या बोलण्याला हेल नाही असं मनापासून वाटणारी माणसं पृथ्वीच्या एका ठरावीक भागातच आढळतात, आणि रेवतीचा जन्म त्या भागात, मुठा नदीच्या अलीकडच्या काठावर, झाला होता.

तिने नवं शून्य बनवायला घेतलं. राज्याच्या छत्तीस जिल्ह्यांतून एकेक माणूस निवडला, प्रत्येकाला खोलीत एकटं बसवलं आणि एक ते पन्नास आकडे म्हणायला लावले. समोर कुणी नसलं की तुच्छ मानायलाही कुणी नसतं. छत्तीस आवाजांची सरासरी काढली, ती यंत्रात भरली, आणि तिचा जुना आवाज त्या नव्या शून्यावर ठेवून पाहिला. ‘पाणी शंभर अंश सेल्सिअसला उकळतं’ या वाक्याचा निर्देशांक शून्य पूर्णांक एकोणऐंशी शतांश आला. पाण्याबद्दल.

मग तिने तो सामना पुन्हा चालवला. दिग्विजयची सरासरी, तीनशे सतरा शिव्यांसकट: ०.०७. रेवतीची: ०.७९.

वैज्ञानिकाने या ठिकाणी मागे जायचं असतं, म्हणून ती मागे गेली. मुक्ता गप्प होत गेली ते सगळे सामने तिने एकामागून एक लावले. आधी मुक्ता भरपूर बोलत असे, हॉस्टेलच्या मेसमधल्या आमटीपासून गाभण गाईच्या पोटात हात घालायच्या पहिल्या अनुभवापर्यंत सगळं, गोळ्या चुकवत चुकवत. मग निम्मं. मग ‘हो’, ‘नाही’. मग टाइप केलेलं. प्रत्येक उतरणीच्या आधी यंत्राने एक वाक्य लाल केलं होतं. त्यांत दिग्विजयचं एकही नव्हतं. “अगं, विचार करायचा असतो खेळताना.” “असू दे, मी करते.” आणि मुक्ता चुकीच्या घरात लपून मेली होती त्या संध्याकाळचं, सगळ्यात वरचं: “छान खेळलीस. खरंच.” निर्देशांक ०.९४. त्या वाक्यानंतर मुक्ताचा माइक पुन्हा कधी उघडला नव्हता.

त्या रात्री जेवताना तिने फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवला, यंत्र चालू करून. बाबांनी भाजी चिरली होती. आई ताटात वाढून घेत म्हणाली, “छान चिरलीत हो भेंडी.” बाबांनी ताट उचललं आणि गॅलरीत जाऊन बसले, जसे ते रेवतीला आठवतंय तेव्हापासून बसत आले होते. फोनवर ०.८८ दिसत होतं.

“काय बघतेयस एवढं?” आईने विचारलं.

“काही नाही. ऑफिसचं.”

जुनं शून्य तसंच ठेवलं असतं तर कुणाला कळलं नसतं. रेवतीचा आवाज कायमचा शून्यावर, ठिपका कायमचा हिरवा. आणि शून्याच्या खाली जाणारे सगळे कारखानीसांच्या स्लाइडवर आदर म्हणून चढले असते. तिने शून्य बदललं. हे प्रामाणिकपणातून झालं असं म्हणता येणार नाही. चुकीच्या शून्यावर चालणारं उपकरण आपल्या नावावर असावं, हे तिला सहन होण्यासारखं नव्हतं.

“म्हणजे डेमोत तुझाच ठिपका लाल येणार?” कारखानीस म्हणाले. त्यांना ते आवडलेलं दिसलं.

“तोपर्यंत नाही येणार,” रेवती म्हणाली.

आवाजाच्या खुणा चारच होत्या, आणि चारही स्नायूंच्या हाती होत्या. ज्याला मोजता येतं त्याला शिकवता येतं. ती रोज समोर आकडा ठेवून बसू लागली. आधी फुत्कार: शब्दापूर्वी श्वास रोखायचा, की नाकातून काही जातच नाही. मग शेवटचा स्वर: तो लांबायच्या आत तोडायचा आणि जिना चढताना पाय उचलतात तसा थोडा उचलायचा. मऊ टाळू ताणलेला. आवाज किंचित वाढवायचा. पहिल्या आठवड्यात ती रेल्वेच्या चौकशी खिडकीसारखी बोलत होती. पण रेवती चिकाटीची होती, आणि आपल्याला न येणारी गोष्ट दुसऱ्या कुणाला येते ही कल्पना तिला झोपू देत नसे. डेमोच्या दिवशी तिने कारखानीसांना सगळ्यांदेखत “सर, तुमची कल्पना फारच चांगली आहे” असं म्हणून दाखवलं. ठिपका हिरवागार राहिला. आत काय चाललं होतं, ते मोजायची सोय यंत्रात नव्हती.

यंत्र बाजारात आलं आणि ‘रणचौक’पुरतं राहिलं नाही. बँकांनी फोनवरच्या कर्मचाऱ्यांसाठी घेतलं. एका शाळेने पालकसभेत लावलं. विवाहसंस्थांनी स्थळाच्या माहितीत रंग, उंची आणि पत्रिकेच्या खाली निर्देशांक छापायला सुरुवात केली. आणि मुलीकडचे मुलाच्या आईचा निर्देशांक मागू लागले, जो कुणी देईना. मग क्लास निघाले. ‘हिरवा आवाज, हमखास, सहा आठवड्यांत.’ रेवतीने घरी बसून शोधलेल्या चारही युक्त्या तिथे वह्यांमध्ये उतरवून दिल्या जात. थोड्याच महिन्यांत सगळं शहर वाक्याचा शेवट उचलून बोलू लागलं. भाजीवाला, रिक्षावाला, सोसायटीचा सेक्रेटरी. सगळे विमानात शिरताना दाराशी उभ्या असलेल्या माणसांसारखे. निनादने वर्षाअखेरीस मोजणी केली. ‘रणचौक’चा सरासरी निर्देशांक निम्म्याहून खाली आला होता. खेळ सोडून जाणाऱ्यांचं प्रमाण होतं तेवढंच राहिलं होतं. कारखानीसांनी पहिला आकडा स्लाइडवर घातला.

रेवतीला दुसऱ्या आकड्यात रस नव्हता. तिला एका माणसाचंच परत येणं हवं होतं. तिची सरासरी आता ०.०८ होती, दिग्विजयहून फक्त एका शतांशाने जास्त. तिने उदगीरला फोन लावला. फोन टेबलावर, समोर आकडा.

“हॅलो, मुक्ता. कशी आहेस?”

“तुझा आवाज बदललाय,” मुक्ता म्हणाली.

“सर्दी झाली होती.”

“तसा नाही.”

रेवतीने तयार केलेलं वाक्य घेतलं. श्वास रोखला, शेवट उचलला. “मुक्ता, मी तुझ्याशी नीट बोलत नव्हते. सॉरी.” फोनवर ०.०५ उमटलं. इतकं खाली ती कधी आली नव्हती.

“ताई, यंत्राकडे बघून म्हणतेयस का?”

“नाही,” रेवती म्हणाली. त्याचंही ०.०५ आलं.

“एक सामना खेळशील?” तिने विचारलं.

“दिग्यादादा पण तेच म्हणत होता.”

“दिग्विजय? तो तुझ्याशी कधी बोलला?”

“रोजच बोलतो. त्याची रेडी लंगडते ना मागच्या पायाने. व्हिडिओ पाठवतो, मी आमच्या सरांना दाखवते. खुरात गळू होतं.” मुक्ता हे सांगताना पूर्वीसारखी भरभर बोलली. “आता चालते नीट. त्यानं तिचं नाव माझ्यावरून ठेवलंय, मेल्यानं.”

तीन वर्षं एकत्र खेळूनही दिग्विजयच्या घरी खरोखरची रेडी आहे हे रेवतीला माहीत नव्हतं. ‘आमची रेडी’ ही ती त्याची बोलण्याची पद्धत समजत होती.

“रविवारी दुपारी,” मुक्ता म्हणाली. “एकच.”

रविवारी दुपारी रेवतीने दोन पडदे मांडले. एकावर खेळ, दुसऱ्यावर तिघांचे निर्देशांक, दर वाक्याला ताजे. ही सोय फक्त कंपनीच्या माणसांना होती. मुक्ताच्या नावापुढे माइकचं चिन्ह उघडं होतं. ते पाहिल्यावर रेवतीने श्वास रोखला, आणि त्यासाठी तिला सराव लागला नाही.

“आली का म्हस माझी,” दिग्विजय म्हणाला. ०.०३.

“आले. तू अजून मेला नाहीस?” मुक्ता म्हणाली. ०.०६.

“मला मारायला तुझं डिग्रीचं कागूद लागंल. चला, पुलाखालनं चला. मॅडम, तुम्ही मागं ऱ्हावा. आन मॅडम, तुम्ही आजकाल कस्टमर केअरसारखं का बोलताय? दोन दाबा, तीन दाबा?”

“मी व्यवस्थित बोलते आहे, दिग्विजय,” रेवती म्हणाली. ०.०८.

“हां, त्येच म्हंतोय.”

मुक्ता हसली. हसण्याला निर्देशांक नसतो. दुसऱ्या पडद्यावर तिच्या नावापुढे नुसती आडवी रेघ आली. रेवतीला ती रेघ फार आवडली. तिला ती पुन्हा हवी होती.

सामना चांगला चालला. तिघं पूल ओलांडून जुन्या टॉकीजमध्ये शिरली, वरच्या मजल्यावर पोचली. मुक्ताने दोघांना टिपलं, दिग्विजयने एकाला. शिव्यांचा पाऊस पडत होता आणि त्या पावसात मुक्ता बोलत होती: मेसमधली आमटी बदललीये, इंटर्नशिप उस्मानाबादला मिळेल, रात्री अडलेली शेळी सोडवली. रेवती मध्ये मध्ये “अरे वा” म्हणत होती. ०.०७. “मस्तच.” ०.०६. प्रत्येक वाक्याआधी श्वास रोखायचा, शेवट उचलायचा, मग आकडा पाहायचा. आपला, आणि मुक्ताचा. मुक्ताचा हळूहळू वर चढत होता. ०.१५. ०.२८. फक्त रेवतीला उत्तर देताना.

“आता एकच टीम ऱ्हायलीया,” दिग्विजय म्हणाला. “मॅडम, जिना तुमचा. दुसरं काय करू नका. जिन्याकडं बगा फकस्त. मी आन म्हस खिडक्या धरतोय.”

“नक्की,” रेवती म्हणाली. ०.०६.

“ताई, जिन्यावर आहेस ना?” मुक्ताने विचारलं. ०.३३.

“हो गं, आहे. काळजी करू नकोस.” रेवतीने वाक्याचा शेवट नीट उचलला आणि तो नीट उचलला गेला का, हे पाहायला दुसऱ्या पडद्याकडे वळली. ०.०५. त्याच्या खाली मुक्ताची रेघ. मुक्ता बोलत नव्हती, हसतही नव्हती, ती काहीतरी ऐकत होती.

जिन्यावरून दुसऱ्या तुकडीचे तिघं वर आले. रेवती मान वळवेपर्यंत ती मेली होती. पाठमोऱ्या दिग्विजयला दोन गोळ्या लागल्या. मुक्ता खिडकीतून वळली, एकाला पाडलं आणि पडली. पडदा काळा झाला, त्यावर दुसऱ्या तुकडीचं नाव आलं.

“आगं ये पुन्याच्या आंधळ्या म्हशी,” दिग्विजय ओरडला, “जिन्यावर झोपलीवतीस व्हय? डोळं हायत का बटनं?” ०.०४. तो पहिल्यांदाच तिला म्हैस म्हणाला होता.

रेवतीने श्वास रोखला, आणि रोखलेलाच राहिला.

माइकच्या पलीकडे, उदगीरला, नाकातून हवेचा बारीकसा आवाज झाला.

“छान खेळलीस, ताई,” मुक्ता म्हणाली. “खरंच.”

दुसऱ्या पडद्यावर तिच्या नावासमोरचा आकडा थांबला: ०.९६.